आधी दक्षिणेला

'एल्डन रिंग'मध्ये सोपं, मध्यम, अवघड असा पर्याय नाही. सेटिंग्जमध्ये कितीही खालीवर करा, सापडत नाही. २५ फेब्रुवारी २०२२ला गेम आला तेव्हापासून यावरून वाद चालू आहेत. मला विचाराल तर पर्याय आहे, फक्त तो मेनूऐवजी मॅपवर आहे. दक्षिणेला गेलात तर गेम सोपा. पूर्वेला गेलात तर फार अवघड. नाकासमोर उत्तरेला गेलात तर मार्गिट नावाचा बॉस. त्यामुळे पहिल्यांदा खेळणाऱ्याचा रूट आखायचा तर काय काय गोळा करायचं याच्या यादीने भागत नाही. कुठे आत्ता जायचं नाही आणि कुठून निमूट मागे फिरायचं, हे लिहावं लागतं.

*

भाच्याने सेलमध्ये गेम घेतला. "मामा, मला फक्त रूट लिहून दे. स्टोरी नको, बॉस नको, सरप्राइज तर अजिबात नको." म्हणजे गावाला कसं जायचं ते सांगायचं, पण गाव सांगायचं नाही. यूट्यूबवरचे गाइड नेमकं उलटं करतात: पहिल्या मिनिटाला शेवटची तलवार दाखवतात.

*

क्लास दहा आहेत. व्हॅगाबाँड नवव्या लेव्हलला सुरू होतो, अंगावर जाड चिलखत, हातात ढाल. सामुराईकडे उचिगाताना आणि लांबून मारायला धनुष्य. अ‍ॅस्ट्रॉलॉजर दुरून जादू फेकतो, म्हणून सुरुवातीला त्याचं बरं चालतं. रेचची लेव्हल एक, सगळे आकडे दहा, हातात एक सोटा आणि अंगावर जवळपास काही नाही. तो ज्यांचा गेम एकदा खेळून झालाय त्यांच्यासाठी.

यावर रात्र रात्र चर्चा करणारे लोक मी पाहिलेत. एवढं डोकं लावायची गरज नाही. पुढे राया लुकारियाच्या अकादमीतली रेनाला हरली की लार्व्हल टिअर नावाची वस्तू देऊन सगळे आकडे नव्याने वाटून घेता येतात. सामुराई घे, सुरुवातीच्या लेव्हल्स व्हिगरमध्ये, म्हणजे जीव वाढवण्यात, घाल. एका फटक्यात मेलास तर बाकीच्या आकड्यांचं काय लोणचं घालायचंय?

*

पहिल्या उघड्या मैदानात सोनेरी चिलखतातला घोडेस्वार फिरत असतो. ट्री सेंटिनेल. दार उघडून उजेडात आल्याबरोबर हाच समोर. पहिल्यांदा खेळणारा समजतो की हा पहिला बॉस, याला मारल्याशिवाय पुढे जाता येणार नाही. तसं काहीच नाही. त्याच्या बाजूने लांब वळसा घालून एलेच्या पडक्या चर्चपर्यंत चालत जाता येतं. गेमने पहिल्या पाच मिनिटांत सांगून टाकलंय की इथे वळसा घालणं हा अपमान नाही. पुढचा सगळा रूट त्याच एका सूचनेवर उभा आहे.

चर्चमध्ये काले नावाचा फिरता व्यापारी बसलेला असतो. ३०० रून्समध्ये क्राफ्टिंग किट देतो. ते घ्यायचं.

*

गेटफ्रंटच्या पडक्या वस्तीत रस्त्याच्या कडेला एक दगडी खांब आहे, त्याच्या पायथ्याशी मॅपचा तुकडा. कोऱ्या मॅपवरही अशा खांबाची बारीक खूण छापलेली असते. नवीन प्रदेशात शिरल्यावर पहिलं काम म्हणजे मॅप उघडायचा, ती खूण शोधायची आणि तिथपर्यंत घोडा पिटाळायचा. वाटेत कुणी भांडायला आलं तरी थांबायचं नाही.

घोडा मिळतो मेलिनाकडून, लेव्हल वाढवायची सोयही तीच करून देते. घोडा मिळाल्यावर एकदा मागे एलेच्या चर्चमध्ये जायचं. रात्री तिथे एक टोपीवाली बाई भिंतीवर बसलेली असते. ती एक घंटा आणि तीन लांडगे देते. ती कोण, हे सांगणार नाही. पुन्हा तिकडे फिरकलेच नाहीत म्हणून कित्येकांचे ते लांडगे तिथेच राहतात.

*

ग्रेसच्या, म्हणजे विसाव्याच्या, जागेवरून सोनेरी किरण निघतो आणि पुढची दिशा दाखवतो. लिमग्रेव्ह या पहिल्या प्रदेशातले किरण फिरून फिरून स्टॉर्मव्हेल किल्ल्याकडे नेतात. पोरं किरणाच्या मागे जातात आणि दारातच मार्गिट त्यांना चेपतो. मग "गेम अनफेअर आहे" म्हणून चिडचिड. किरण खोटं बोलत नाही, तो दिशा सांगतो. केव्हा जायचं हे सांगायची जबाबदारी त्याच्यावर टाकलेलीच नाही.

*

तर, आधी दक्षिणेला.

सॅक्रिफाइसचा पूल ओलांडला की वीपिंग पेनिन्सुला. कायम पाऊस, आषाढातल्या कोकणासारखा. मुख्य कथेला या भागाची गरज शून्य. सगळा द्वीपकल्प चुकवून गेम संपवता येतो, म्हणूनच घाईतले लोक तो चुकवतात. पण पहिल्यांदा खेळणाऱ्याला पाहिजे ते सगळं इथे आहे. तीन चर्च आहेत आणि प्रत्येकात एक सेक्रेड टिअर, म्हणजे फ्लास्कचा एकेक घोट जास्त जखम भरतो. सोनेरी रोपांखाली गोल्डन सीड सापडतात, त्यांनी घोटांची संख्या वाढते. सुरुवातीला चार घोट असतात आणि ते चौदापर्यंत जातात. मार्गिटसमोर दोन घोट जास्त असणं आणि ते जास्त भरीव असणं, याला मी पाच लेव्हल्सपेक्षा मोलाचं मानतो.

वाटेत रस्त्याच्या कडेला एक आंधळी मुलगी बसलेली दिसते, आयरिना. ती वडिलांसाठी पत्र देते. वडील एडगर, खाली मॉर्न किल्ल्यात. किल्ल्यात गुलामांनी बंड केलंय, अंगणात पेटलेला ढिगारा, आणि तो वरच्या तटावर एकटाच थांबलाय. पत्र दिल्यावर तो काय म्हणतो ते भाच्यानेच ऐकावं. या गेममध्ये पत्र पोचवण्यासारखं साधं काम कसं वळण घेतं, हे इथे पहिल्यांदा कळतं. किल्ल्याचा बॉस सिंहाच्या तोंडाचा, उड्या मारणारा. मार्गिटपेक्षा हलका, पण नुसतं बटण बडवून मरत नाही. सरावाला उत्तम. त्याच्याकडून मिळणाऱ्या अजस्र तलवारीला ४० स्ट्रेंग्थ लागते, म्हणजे ती उचलून पिशवीत टाकायची आणि विसरायची.

*

लेव्हलपेक्षा हत्यार. हे मी त्याला अधोरेखित करून दिलंय.

एक लेव्हल वाढवली की एक आकडा एकने वाढतो आणि नुकसानीत किंचित फरक पडतो. स्मिथिंग स्टोनने तलवार +३ केली की फरक पहिल्याच शत्रूवर दिसतो. दगड मिळतात खाणींमध्ये. मॅपकडे नीट पाहिलं तर डोंगराच्या पोटात काळसर भोकासारखी खूण छापलेली दिसते, ते खाणीचं तोंड. लिमग्रेव्हची खाण दुपारभरात उरकते. एलेच्या चर्चमधल्या ऐरणीवर +३पर्यंतच जाता येतं, पुढचं काम राउंडटेबल होल्डमधला ह्यूग करतो. साध्या हत्याराची हद्द +२५, सोंबर दगड लागणाऱ्यांची +१०. सुरुवातीला दोन-तीन हत्यारांवर दगड वाटत बसलं की एकही धड होत नाही.

*

एक पेटी आहे. तळ्याकाठी जळक्या अवशेषांत, तळघरात. उघडली की धूर येतो आणि माणूस थेट केलिडमधल्या सेलियाच्या खाणीत जाऊन पडतो. तिथून मॅप उघडून परत उडी मारता येत नाही, बाहेर पडेपर्यंत चालावंच लागतं. बाहेर आल्यावर आकाश लाल.

ही पेटी भाच्याच्या रूटच्या वहीत लिहायची की नाही यावर मी बराच वेळ घालवला. लिहिली नाही. लिहून ठेवलं असतं तर भाचा एका भयंकर संध्याकाळीतून सुटला असता, पण मित्रांना सांगण्यासारखी गोष्टही गेली असती. तळ्यावर ड्रॅगन उतरतो हेही लिहिलं नाही. तेवढं त्याला दिसेलच.

*

हा गेम बनवणाऱ्या कंपनीची ही जुनी सवय आहे. २०११च्या 'डार्क सोल्स'मध्ये फायरलिंक श्राइनपासून वाटा फुटतात. स्मशान लगेच नजरेत भरतं, वर जाणारा जिना कड्याला चिकटलेला, चुकार नजरेला न दिसणारा. स्मशानातले सांगाडे नव्या माणसाला दोन फटक्यांत संपवतात. खाली न्यू लंडोत उतरलं तर भुतांना तलवार लागतच नाही. कुठेही कुलूप नाही, पाटी नाही. मार खाल्ला की कळतं, वाट दुसरी असणार. 'एल्डन रिंग'मध्ये तेच कुंपण, फक्त हातात घोडा दिलाय, त्यामुळे कुंपणावरून भरधाव उडी मारायची मुभाही आहे.

*

पूर्व. केलिड. रस्ता लाल होत जातो, कुत्री घोड्याएवढी होतात. पहिल्या फेरीत इथे लढायचं नाही. घोड्यावरून मॅपचा तुकडा उचल, वाटेतल्या ग्रेसच्या जागा पेटव आणि माघारी फीर. पेटवलेली जागा पुढे कधीही कामाला येते.

*

मिस्टवूडच्या जंगलात एक गोल पडकी इमारत आहे, आत लिफ्ट. मॅपवर विहीर म्हणून नाव येतं. लिफ्ट खाली जाऊ लागते आणि जातच राहते. लोड होतंय की काय अशी शंका येते, आणि मग भिंत संपते. मी यापुढे लिहिणार नाही. वहीत एवढंच आहे: "मिस्टवूडची लिफ्ट: खाली जा, बघ, ग्रेस पेटव, वर ये." खालच्यांचे बाण फार लांबून येतात आणि फार लागतात, म्हणून 'वर ये'.

*

दिग्दर्शक हिदेताका मियाझाकी यांनी मुलाखतीत सांगितलंय की लहानपणी ते वाचनालयातून वयाच्या मानाने अवघड पुस्तकं आणायचे. जे समजायचं नाही ते चित्रांवरून आणि मनाने भरून काढायचे. कोऱ्या मॅपवर घोडा घालताना ते आठवतं. आपल्याकडच्या खेळणाऱ्यांना ही सवय आधीपासून आहेच, म्हणा. गेममध्ये मराठी नाही, आणि पात्रं बोलतात ते इंग्रजी असं जुनं, वळणदार की निम्मं अंदाजानेच घ्यावं लागतं.

*

मार्गिट. विशी-पंचविशीची लेव्हल, +३ हत्यार, सोबत लांडगे. दाराबाहेर जमिनीवर सोनेरी अक्षरं उमटलेली असतात, ती वाचली की रॉजिए नावाचा जादूगार मदतीला येतो. मर्कवॉटरच्या गुहेत पॅचेस ५००० रून्सना एक बेडी विकतो, ती वापरली की मार्गिट थोडा वेळ जमिनीला जखडतो. हे सगळं वापरायला लाज वाटायचं कारण नाही.

खरी अडचण त्याच्या काठीची आहे. तो काठी वर उचलतो आणि तशीच धरून ठेवतो. बाकीच्या गेम्सनी शिकवलंय की हात वर गेला की रोल करायचा. इथे रोल करून तुम्ही उभे राहता आणि नेमकी तेव्हा काठी खाली येते. हात वर जाताना बघू नकोस, खाली यायला लागला की बघ. हे एक वाक्य मी भाच्याला आगाऊ सांगितलं, कारण हे सरप्राइज नाही, नुसता मनस्ताप आहे.

*

गंमत अशी की स्टॉर्मव्हेल टाळताही येतं. किल्ल्याच्या कडेने कड्यालगत एक वाट थेट लियुर्नियात उतरते. राजधानी लेंडेलमध्ये शिरायला दोन ग्रेट रून लागतात, कुठले दोन ते गेम विचारत नाही. तरी पहिल्या वेळी किल्ला सोडू नये. अख्ख्या गेममधलं सर्वांत चांगलं बांधकाम तिथे आहे. दारावरचा गोस्टॉक सांगतो की पुढच्या दाराने जाऊ नका, बाजूच्या भगदाडातून जा. माणूस अजिबात विश्वासू वाटत नाही, पण सल्ला खरा आहे.

*

पुढचं भराभर. लियुर्नियात अकादमीची किल्ली एका झोपलेल्या ड्रॅगनच्या मागे, ती उचलून पळ. तिथल्या क्रिस्टल खाणीत बेल बेअरिंग मिळते, ती दिली की स्मिथिंग स्टोन दुकानात विकत मिळायला लागतात. मग रेनाला. अल्टस पठारावर जायला डेक्टसची लिफ्ट. तिच्या पदकाचा अर्धा भाग लिमग्रेव्हच्या हाइट किल्ल्यात, उरलेला केलिडपलीकडच्या फॅरोथ किल्ल्यात. फॅरोथला घोड्यावरून धावतच जायचं, शेजारी झोपलेलं धूड बघत बसायचं नाही. लिफ्ट नको असेल तर दरीतून चढून जायची दुसरी वाट आहे, तिच्या टोकाला लाव्हा ओकणारा ड्रॅगन. मला ही दुसरी वाट आवडते. लिफ्टचा थाट मोठा आहे, पण चढून गेल्यावर पठाराचा सोनेरी रंग जास्त भिडतो.

एक सूचना कारण न देता: राजधानीतलं जे काही राहिलंय ते नंतर बघू म्हणून ठेवायचं नाही. हिमशिखरांकडे निघायच्या आधी सगळं उरकायचं. तो "का?" विचारेल. सांगायचं नाही.

*

प्रत्येक अनोळखी वळणाआधी रून्स खर्च करून टाक. मेल्यावर ते पडल्या जागी राहतात, तिथे पोचायच्या आधी पुन्हा मेलास तर कायमचे गेले. खिशात मोठी रक्कम असली की माणूस भित्रा खेळतो, बोळकांडीत डोकावत नाही, अवघड उडी घेत नाही. खिसा रिकामा असला की कुठेही जातो. रूटमधली ही एकच ओळ त्याने पाठ केली तरी चालेल.

*

आत्ता त्याचा मेसेज आलाय. पूर्वेकडच्या मारिकाच्या तिसऱ्या चर्चपाशी पोचलाय, बाटली मिळालीये. "मामा, मागच्या झाडीत काहीतरी निळं चमकतंय. तुझ्या वहीत नाहीये. जाऊ?"

मी उलट विचारलं, "रून्स किती आहेत?"

"आत्ताच लेव्हल वाढवली. शंभरेक."

"मग जा की."