बुटक्यांचा पाडवा

परीकथेतलं आकाश ज्याचं त्यानं सांभाळावं, अशी माझी आजवरची भूमिका होती. ड्रॅगन उडतोय, उडू दे. जादूगार काठीतून उजेड पाडतोय, पाडू दे. आपल्याला कुठं त्याचं वीजबिल भरायचंय! पण गोष्टीत तिथीचा घोळ निघाला, की मराठी वाचकाचे कान टवकारतात. तिथीच्या घोळातच आपण लहानाचे मोठे झालेलो असतो.

हा घोळ निघाला टॉल्किनच्या 'द हॉबिट'मध्ये. पुस्तक 1937 सालचं, लेखक ऑक्सफर्डचा प्राध्यापक. थोरिन नावाचा म्होरक्या धरून तेरा बुटके आणि जेवणाची वेळ टळलेली अजिबात न खपणारा बिल्बो नावाचा गृहस्थ, हे सगळे ड्रॅगननं बळकावलेला वडिलोपार्जित डोंगर परत मिळवायला निघतात. (प्रकरण इस्टेटीचं असल्यामुळं मला ते लगेच आपलंसं वाटलं.) नकाशा आहे, किल्ली आहे, फक्त दाराचा पत्ता नाही. तो नकाशावर चंद्राक्षरांत लिहिलेला. ही अक्षरं नुसती बघून दिसत नाहीत, मागून चांदणं पडावं लागतं. आणि अस्सल जातीची असली, तर ज्या ऋतूत, ज्या कलेच्या चंद्राखाली लिहिली, तसाच चंद्र पुन्हा यावा लागतो. आमच्या आजोबांच्या जमिनीची कागदपत्रंही साधारण याच अटींवर वाचता येतात, त्यामुळं मला नवल वाटलं नाही.

योगायोगानं एल्रॉन्डच्या घरी तशीच कोर उगवलेली असते आणि मजकूर उमटतो. कस्तूर पक्षी ठकठक करील तेव्हा दगडापाशी थांबायचं. ड्युरिनच्या दिवशी मावळत्या सूर्याचा शेवटचा किरण किल्लीच्या भोकावर पडणार.

आता हा ड्युरिनचा दिवस कधी? थोरिन सांगतो, की शरदातल्या शेवटच्या चंद्राचा पहिला दिवस हे बुटक्यांचं नववर्ष. त्या दिवशी सूर्य आणि चंद्र एकदम आकाशात दिसले, तर तो ड्युरिनचा दिवस.

मी पुस्तक उपडं ठेवलं आणि बोटं मोजली. शरद म्हणजे आश्विन-कार्तिक. शेवटचा चंद्र कार्तिकाचा. त्याचा पहिला दिवस, कार्तिक शुद्ध प्रतिपदा. अहो, हा तर पाडवा! दिवाळीतला पाडवा! सोन्याचांदीत जन्म घालवणाऱ्या जमातीनं वर्ष या दिवशी सुरू करावं, हे अगदी रीतसरच झालं. शिवाय तेराही पुरुष, तेव्हा ओवाळणीचा खर्च नाही. प्राध्यापकमहाशयांनी आपलं पंचांग चाळलं होतं असा माझा दावा नाही. महिने चंद्राचे धरले आणि ऋतू सूर्याचे, की कुणालाही असल्याच दारात येऊन उभं राहावं लागतं.

पण थोरिनचं पुढचं वाक्य मला खरं लागलं. तो म्हणतो, तो दिवस पुन्हा कधी येणार हे काढण्याची विद्या आता आमच्याकडं राहिलेली नाही. सण पाठ, गणित गेलं! आमच्या घरात तरी कुणाला काढता येतंय? 1973 साली 'कालनिर्णय' निघालं आणि आमची सगळी विद्या भिंतीवरच्या खिळ्याला लटकली. थोरिनला खिळा होता, कॅलेंडर नव्हतं, एवढाच फरक.

गणित तसं चिवटच आहे. अमावस्येनंतर दर तिथीला चंद्र सूर्यापासून 12 अंश लांब जातो. पाडव्याच्या संध्याकाळी तो पुरेसा लांब गेलेला असेल तर दिसतो. बहुतेक वेळा नसतो, म्हणून कोर दिसते ती बीजेला. ईदच्या चंद्रासाठी माणसं गच्चीत उभी असतात, ती याच भानगडीमुळं. खुद्द टॉल्किनही यात सापडला होता. पुढचं मोठं पुस्तक लिहिताना त्याला आढळलं, की आपला चंद्र एका मुलुखात उगवतोय आणि त्याच वेळी दुसरीकडं मावळतोय. मागची प्रकरणं दुरुस्त करण्यात अख्खी दुपार गेली, असं त्यानं मे 1944 मध्ये मुलाला कळवलं. आपणच निर्माण केलेल्या जगात चंद्रापुढं इतकं नमतं घेणारा लेखक मला फार आवडला.

बीजेच्या कोरीशी माझं नातं जरा जवळचं आहे. आई आणि मावशी, दोघीच बहिणी. भाऊ नाही. भाऊ नसेल तिनं भाऊबीजेला चंद्राला ओवाळायचं. त्यामुळं चांदोमामा इतर मुलांच्या गाण्यात असे, माझ्या तो नात्यात होता. मामा म्हणून तसा वाईटच. खाऊ नाही, ओवाळणी नाही, तासाभरात बुडणार आणि ढग असले तर आम्हांला सरळ मामा बनवणार. आई चाळीच्या मागच्या गॅलरीत तबक घेऊन उभी, वाऱ्यानं निरांजन विझतंय, आम्ही आतून जेवायला हाका मारतोय. एकदा तर सगळं आभाळ भरून आलं होतं. मावशीसुद्धा आत आली, आई हलेना. बऱ्याच वेळानं तबक घेऊन आली.

"आला का गं?" मावशीनं विचारलं.

"आला. घाईत होता."

डोंगरावर ड्युरिनच्या दिवशी अगदी हेच होतं. इवलीशी कोर क्षितिजाला टेकलेली, सूर्य ढगात गेलेला, कस्तूर गोगलगाय दगडावर आपटून मोकळा झालेला. बुटके कण्हतात. बिल्बो तेवढा जागचा हलत नाही. मग ढगाच्या फटीतून एक तांबडा किरण बोटासारखा येतो, खडकाची कपची उडते आणि जमिनीपासून तीनेक फुटांवर भोक दिसतं.

मावशी आता ऐंशीच्या पुढं आहे. तिला मी हे सगळं ऐकवलं. ड्रॅगनला तिनं फारशी किंमत दिली नाही. "पाडवा झाला. दुसऱ्या दिवशी बीज की रे. त्या थोरिनला बहीण नव्हती?"

होती. तिचे दोन मुलगेही मामाबरोबर मोहिमेवर आले होते, फिली आणि किली. ती मात्र पुस्तकात कुठंच दिसत नाही.

"मग तिनं चंद्राला ओवाळलं असेल," मावशी म्हणाली. "पुढं परत आले ना सगळे?"

"बिल्बो आला," मी म्हणालो. लढाईचं प्रकरण मी तिला सांगितलं नाही.