चिखल कोण काढन?

रामदासपेठेतल्या माझ्या खोलीच्या खिडकीतून नाग नदी दिसते. नदी म्हणताना जीभ अडखळते. इथं पत्ता सांगतानाही सगळे 'नाल्याच्या अलीकडे' असंच सांगतात. २३ सप्टेंबर २०२३ च्या पहाटे मात्र ती नदी झाली. चार तासांत शंभर मिलिमीटरहून जास्त पाऊस, ओसंडलेला अंबाझरी तलाव, खचलेला पंचशील चौकातला पूल. मी खिडकीत कॅमेरा लावला. एका बुडालेल्या मोटारीचे दिवे पाण्याखाली जळत होते, पिवळे, शांत. फार सुंदर दिसत होतं ते. लिहिताना लाज वाटते, पण दिसत होतं.

दुपारी मावशी कामाला आल्या नाहीत, म्हणून त्यांच्या वस्तीत गेले. अर्थात कॅमेरा घेऊनच. खोलीत घोटाभर काळा गाळ, भिंतीवर कमरेच्या उंचीला पाण्याची रेघ, तांदळाची कोठी आडवी. मी ती रेघ टिपत होते. मावशी घमेलं घेऊन वाकलेल्या. मान वर न करता म्हणाल्या, ''ताई, तुमी पान्याचा फोटो काढता. चिखल कोण काढन?''

मावशींचं सासर कुही तालुक्यातलं. ते गाव गोसीखुर्दच्या पाण्यात गेलं. २२ एप्रिल १९८८ ला त्या धरणाची पायाभरणी झाली, तेव्हा मावशी परकर नेसणारी पोर होत्या. शेत गेलं, मोबदला घरच्या वाटण्यांत जिरला आणि उरलेलं बिऱ्हाड नाल्याकाठच्या भाड्याच्या खोलीत आलं. धरणानं बुडणं वेगळं, बिघडलेल्या पावसानं बुडणं वेगळं. अहवालांत त्यांचे रकानेही वेगळे. पण माझ्या खिडकीखालचं पाणी पिवळी नदीला मिळतं, मग कन्हानला, आणि आंभोऱ्याशी वैनगंगेत शिरून त्याच जलाशयात जाऊन थांबतं. आम्ही रामदासपेठेत बेसिनमध्ये जे सोडतो, ते मावशींच्या बुडालेल्या गावावरून तरंगतं. २०२० च्या ऑगस्टअखेर गोसीखुर्दचे ३३ दरवाजे उघडले, तेव्हा खाली ब्रह्मपुरी-गडचिरोलीकडची धानाची बांधी बुडाली. पाणी कुठूनही येवो, ते आधी कुणाच्या दारात शिरणार हे ठरलेलं असतं.

पूरग्रस्त कुटुंबाला दहा हजारांची मदत जाहीर झाली. मावशींच्या खोलीचा पंचनामा झाला, पण नाव घरमालकाचं लागलं.

आनंद पटवर्धनांच्या 'हमारा शहर' (१९८५) या माहितीपटात झोपडी तुटलेली एक बाई कॅमेऱ्यालाच धारेवर धरते. गरिबांची चित्रं काढून तुम्ही काय करणार, असा तिचा रोख. पटवर्धनांनी तो भाग ठेवला. विद्यार्थी असताना मला ते धाडस दिग्दर्शकाचं वाटलं होतं. आता वाटतं, धाडस त्या बाईचं. दिग्दर्शकानं फक्त कात्री आवरली.

मावशींचा प्रश्नही माझ्या चित्रीकरणात आहे, आवाज स्वच्छ. त्यानंतर चित्र हललेलं आहे, कारण मी कॅमेरा कट्ट्यावर तसाच चालू ठेवून दुसरं घमेलं उचललं. तो तुकडा ठेवावा तर माझाच चांगुलपणा मिरवल्यासारखं होतं. काढावा तर प्रश्न हवेत राहतो. अजून ठरलेलं नाही.

संकलनाला बसले तेव्हा मोजलं. पाण्याचं चित्रीकरण सहा तासांचं आहे, चिखलाचं अकरा मिनिटांचं.