मिक्सर लावू नकोस!

“आई, मिक्सर बंद कर!” ऐंशीच्या दशकात ज्यांच्या घरात ही आरोळी घुमली नाही, त्यांच्याकडे एकतर टीव्ही नसावा किंवा मिक्सर. मिक्सरच्या मोटरमधले कार्बन ब्रश ठिणग्या पाडत आणि त्या पडद्यावर पांढऱ्या रेघा होऊन उमटत. शनिवारचा मराठी सिनेमा ऐन रंगात यायचा आणि आईची चटणी अर्ध्यावर राहायची.

आम्हा पुणेकरांचे अँटेने सिंहगडाकडे तोंड करून उभे असत. कावळा येऊन बसला की पडद्यावर मुंग्या. मग बाबा गच्चीवर, भाऊ जिन्यात आणि मी टीव्हीसमोर. “आलं का?” “आलं... गेलं... थोडं मागे!” निरोप जिन्यातून वर पोहोचेपर्यंत बाबांनी दांडी भलतीकडेच फिरवलेली असायची. टेपरेकॉर्डरचं दुखणंही घरीच निघायचं. काडीला कापूस गुंडाळून स्पिरिटनं हेड पुसायचं. तरी आवाज घोगराच आला, तर हेडशेजारचा बारीक स्क्रू पाव आटा फिरवायचा. बिघाड डोळ्यांना दिसे, हाताला लागे आणि घरातल्या प्रत्येकाला त्यात काहीतरी काम असे.

परवा होम थिएटरचा रिसीव्हर अपडेट करायचा होता. नवा टीव्ही आल्यापासून पात्रांचे ओठ आधी हलत, शब्द मागून येत. इथे पुसायला हेड नाही, फिरवायला स्क्रू नाही. पेनड्राइव्हवर फाइल घेतली. गुरुवारी वीज जाते म्हणून रविवारचा मुहूर्त धरला. पडद्यावर ताकीद आली : काम संपेपर्यंत वीज बंद करू नका. चिपवरचं जुनं फर्मवेअर पुसून तिथेच नवं लिहिलं जातं. मध्येच वीज गेली तर जुनंही नाही अन् नवंही नाही. उरतो नुसता जड डबा.

टक्के मुंगीच्या पावलांनी सरकत होते. बाबा सोफ्यावर हात मांडीवर ठेवून बसले होते.

“आलं का?”

“सदतीस टक्के.”

“मी काय करू?”

“काही नाही, बाबा. फक्त हात लावायचा नाही.”

बाबा गप्प झाले. तेवढ्यात स्वयंपाकघरात भांडं बसवल्याचा खट्ट आवाज आला आणि आम्ही दोघं एकदमच ओरडलो, “मिक्सर लावू नकोस!”

आता भीती रेघांची नव्हती, फ्यूज उडण्याची होती. आई पदराला हात पुसत दारात आली.

“चाळीस वर्षं झाली,” ती म्हणाली, “चटणी अजून अर्धीच आहे.”