पहिला भोंगा उठायचा

मुंबईच्या इतिहासावर पॉडकास्ट करते असं सांगितलं की समोरचा हमखास विचारतो, "इतकी वर्षं झाली, विषय संपत नाहीत का?" विषय संपतील अशी धास्ती मला कधी वाटली नाही. ग्रेग यंग आणि टॉम मेयर्स या दोघांनी न्यूयॉर्कच्या इतिहासावर 'द बॉवरी बॉइज' हा पॉडकास्ट 2007 मध्ये सुरू केला, तो अजून चालू आहे. मुंबईकडे सांगण्यासारखं न्यूयॉर्कपेक्षा कमी काही नाही.

अडचण आली ती वेगळीच. शहराचा इतिहास सांगायची आपली रूढ पद्धत डोळ्यांसाठी आहे. कमानी, घुमट, पुतळे, जुने फोटो, 'इथे मान वर करून बघा' वगैरे. माईकसमोर यातलं काहीच कामाला येत नाही. राजाबाई टॉवर 1878 मध्ये पूर्ण झाला, त्याची उंची 280 फूट, आराखडा जॉर्ज गिल्बर्ट स्कॉटचा, पैसा प्रेमचंद रायचंदांचा. हे सगळं एका दमात ऐकवलं तर डोंबिवली लोकलमध्ये हेडफोन लावून उभ्या असलेल्या माणसाच्या डोक्यात यातलं काय राहणार? त्याला पान मागे उलटायची सोय नसते. एका भागात दोनपेक्षा जास्त सालं आली की श्रोता हातचा जातो, हे आम्ही फार लवकर शिकलो.

तेव्हा टॉवर कसा दिसतो हे सोडून, त्याच्या घड्याळाचे ठोके कुणाच्या कानावर पडत होते आणि ते ऐकून कोण कुठे निघत होतं, हे शोधायला लागलो. तिथून आमच्या मालिकेचं वळण बदललं.

घड्याळाचंच घ्या. सरकारनं 1 जानेवारी 1906 पासून भारतीय प्रमाणवेळ लागू केली. मुंबईची स्वतःची वेळ तिच्या 39 मिनिटं मागे होती. कागदावर हा खगोलशास्त्राचा मामला. पण गिरणी कामगाराच्या जागी उभं राहून बघा. नव्या घड्याळात सहा वाजतात तेव्हा सूर्याच्या हिशेबानं जेमतेम पाच वाजून एकवीस मिनिटं झालेली असतात. म्हणजे ऐन थंडीत, अंधारात, जवळजवळ पाऊण तास आधी अंथरूण सोडायचं. त्यात नुकतेच गिरण्यांमध्ये विजेचे दिवे आले होते आणि मालक त्या उजेडात संध्याकाळचं काम लांबवत होते. म्हणजे पहाट घड्याळानं खाल्ली आणि संध्याकाळ दिव्यांनी. त्याच जानेवारीत जेकब सॅसून मिलचे कामगार नव्या वेळेविरुद्ध काम टाकून बाहेर पडले. महापालिकेनंही हट्टानं मुंबई वेळ चालू ठेवली आणि दोन वेळांचा हा घोळ स्वातंत्र्यानंतरही काही वर्षं चालू होता. राजाबाई टॉवरवर भाग करायला बसलो होतो. हातात आला तो कामाच्या तासांचा इतिहास. वास्तुशिल्पी मागे पडला, पहाटे उठणारा पुढे आला.

ध्वनी हा नुसता नटवण्याचा प्रकार असता तर त्याबद्दल लिहायचं कारण नव्हतं. पण कान लावला की इतिहासातली माणसंच बदलतात, असा माझा अनुभव आहे. गव्हर्नर दिसायला रुबाबदार असतो. ऐकू येतात ती जॉबर म्हणजे गिरणीतला मुकादम, भाजीवाली, खानावळवाली बाई.

लालबागच्या एका चाळीत साचेखात्यात आयुष्य काढलेल्या एका आजोबांची मुलाखत घ्यायला गेलो होतो. खोलीत पंखा बंद केला, शेजारणीला कुकर थोडा वेळ थांबवायची विनंती केली, माईकची पातळी नेहमीसारखी लावली. आजोबांनी पहिलं वाक्य उच्चारलं आणि मीटरचा काटा लाल पट्ट्यात गेला. पातळी उतरवली, तरी तेच. शेवटी त्यांची सूनबाई म्हणाली, "ते असेच बोलतात. घरात भांडण चाललंय असं पाहुण्यांना वाटतं." शेकडो माग एकाच वेळी खडखडत असताना माणूस ओरडून नाहीतर खुणांनी बोलतो. गिरणी बंद पडून किती वर्षं लोटली, घशाला त्याचा पत्ता नव्हता. भोंग्याबद्दल विचारलं तर म्हणाले, "पहिला भोंगा उठायचा, दुसरा निघायचा. तिसऱ्याला आत नसलास तर खाडा." 18 जानेवारी 1982 ला सुरू झालेल्या गिरणी संपाबद्दल, त्याचे नेते दत्ता सामंतांबद्दल, अडीच लाख कामगारांबद्दल छापील मजकूर कमी नाही. पण त्या संपात भोंगे गप्प झाल्यावर जेवणांचं वेळापत्रक कसं कोलमडलं, हे खानावळ चालवणाऱ्या घरांतल्या लेकीसुनाच सांगू शकतात. मीना मेनन आणि नीरा आडारकर यांनी गिरणगावचा मौखिक इतिहास पुस्तकात आणला, म्हणून आमच्यासारख्यांना वाट सापडली.

जुन्या काळासाठी अर्थात माणसं मिळत नाहीत. तिथे कागद ऐकावा लागतो. गोविंद नारायण माडगावकरांचं 'मुंबईचे वर्णन' हे 1863 सालचं पुस्तक मी याच नजरेनं, खरं तर याच कानानं, पुन्हा वाचलं. बाजार, गर्दी, सण यांचा मजकूर आला की समासात खूण.

कधी कधी आवाज जपून ठेवतो तो शत्रू. ऑगस्ट 1942 मध्ये उषा मेहता आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मुंबईतून गुप्त काँग्रेस रेडिओ सुरू केला. प्रक्षेपणाच्या जागा बदलत, पोलिसांना हुलकावण्या देत तो 12 नोव्हेंबरपर्यंत चालला. त्यावरून काय बोललं गेलं हे आज वाचता येतं, त्याचं मोठं श्रेय कान लावून बसलेल्या सरकारी यंत्रणेला. त्यांनी प्रक्षेपणं टिपून घेतली, खटल्यासाठी जपली.

1944 च्या गोदी स्फोटात याच्या उलट घडलं. 14 एप्रिलला दुपारी चारच्या सुमारास व्हिक्टोरिया गोदीत 'फोर्ट स्टिकीन' या जहाजाचा स्फोट झाला, अर्ध्या तासानं दुसरा. जहाजात कापसाच्या गासड्या आणि सुमारे चौदाशे टन स्फोटकं एकत्र होती. आग विझवताना अग्निशमन दलाचे 66 जवान गेले. अख्ख्या शहरानं तो आवाज ऐकला, हादरा थेट सिमल्याच्या भूकंपमापकावर उमटला, पण युद्धकाळातल्या सेन्सॉरमुळे बातमीदारांना सविस्तर वृत्तं बाहेर पाठवायला मे महिना उजाडावा लागला. त्याआधी तपशील सांगितला तो जपान्यांच्या ताब्यातल्या रेडिओ सायगावनं.

यावरच्या आमच्या भागात स्फोटाचा आवाज घालावा असा आमच्यात आग्रह होता. बाजारात तयार आवाजांचे साठे मिळतात, हवा तो धमाका दोन मिनिटांत जोडता येतो. मी ठाम नकार दिला. कुठल्यातरी सिनेमासाठी बनवलेला धमाका एकदा कानात बसला की श्रोता तोच 1944 चा मानून चालतो. फोटोखाली ओळ छापून 'काल्पनिक चित्र' म्हणता येतं; आवाजाला तळटीप नसते. त्याऐवजी आम्ही त्या वेळी शाळकरी असलेल्यांना बोलतं केलं. खिडक्यांची तावदानं, फडताळातून कोसळलेली भांडी, जपानी बॉम्ब पडला या समजुतीनं रस्त्यावर धावलेली माणसं. स्फोटाचा आकार ऐकणाऱ्याला त्यातून नेमका कळतो. त्या दिवसापासून आमचा दंडक आहे: आज ध्वनिमुद्रित केलेला आवाज आजचा म्हणूनच ऐकवायचा.

हा दंडक पाळायचा तर आजचे आवाज आजच साठवणं आलं. वरळीच्या बीडीडी चाळींतली बिऱ्हाडं टॉवरमध्ये हलू लागली आहेत. शंभर वर्षांच्या त्या लांबलचक सामाईक गॅलऱ्यांची छायाचित्रं पुष्कळ निघाली; गॅलरीत एका टोकाला मारलेली हाक दुसऱ्या टोकाला कशी पोचते, हे किती जणांनी मुद्रित केलं? नव्या घरात लिफ्ट आहे, स्वतंत्र संडास आहे, आणि ते मिळायलाच हवं होतं. त्यासाठी उसासे टाकायचं मला कारण दिसत नाही. नोंद मात्र हवी.

अशी नोंद तुम्हीही करू शकता. दिवाळीत घरं भरलेली असतात, त्याचा फायदा घ्या. फराळ आटोपला की घरातल्या सर्वांत वयस्कर माणसासमोर फोन ठेवा, पंखा आणि टीव्ही बंद करा. "पूर्वी कसं होतं?" असं विचारू नका; त्याचं उत्तर ठरलेलं असतं, स्वस्ताई आणि माणुसकी. "सकाळी कानावर पहिला आवाज कुठला यायचा?" हे विचारा, आणि मग मध्ये बोलू नका. फाईलला नाव, गाव, तारीख द्या आणि घरातल्या आणखी दोघांकडे तिची प्रत ठेवा. आमच्या मालिकेचे सगळ्यात चांगले भाग अशाच फायलींतून निघाले आहेत.