संविधान सभेची लेखणी आणि आपली जबाबदारी

२६ नोव्हेंबर जवळ आला की एक मेसेज ठरल्याप्रमाणे फिरू लागतो. संविधान बाबासाहेबांनी लिहिलेच नाही, ते बी. एन. राव नावाच्या सनदी अधिकाऱ्याने लिहिले, बाबासाहेबांनी फक्त सही केली, असा त्याचा मतितार्थ. मग आपली पोरे चवताळून उठतात. कोणी शिव्या देतो, कोणी राव नावाचा माणूस तिथे नव्हताच असे ठोकून देतो. आम्हाला या दोन्ही गोष्टी पटत नाहीत. शिवी हा युक्तिवाद नाही, आणि राव नव्हतेच म्हणणे हे खोटे आहे. ज्याच्याकडे पुरावा आहे त्याने खोट्याचा आधार का घ्यावा?

आम्ही काही मित्र संविधान सभेच्या चर्चांचे खंड एकत्र बसून वाचतो. आमच्यातले बहुतेक स्पर्धा परीक्षा देणारे, दोघे-तिघे नोकरीला लागलेले. त्या वाचनातून आम्हाला जे समजले ते इथे मांडतो आहोत, कारण हा प्रश्न फक्त राव यांचा नाही. कायदेमंडळात अधिकारी, मसुदा लिहिणारे आणि नोंद ठेवणारे नेमके काय करतात, हा तो प्रश्न आहे.

आधी राव यांचे पाहू. सर बेनेगल नरसिंह राव हे आयसीएस अधिकारी. १९४६ पासून ते संविधान सभेचे घटनात्मक सल्लागार होते. वेगवेगळ्या देशांच्या घटनांचा अभ्यास करून, सभेच्या समित्यांनी घेतलेल्या निर्णयांच्या आधारे त्यांनी ऑक्टोबर १९४७ मध्ये एक कच्चा मसुदा तयार केला. त्यात २४३ कलमे आणि १३ परिशिष्टे होती. हा मसुदा मसुदा समितीला काम सुरू करण्यासाठी दिला गेला. या कामाची किंमत आम्ही कमी करत नाही. ती कमी करण्याची गरजही नाही, कारण राव यांचे श्रेय सर्वांत ठळकपणे सांगितले ते खुद्द बाबासाहेबांनीच. २५ नोव्हेंबर १९४९ च्या भाषणात त्यांनी भर सभेत सांगितले की, मला दिले जाणारे श्रेय खरे तर माझे एकट्याचे नाही. राव यांचे नाव घेतले, समितीच्या सदस्यांचे घेतले आणि त्याहून मोठा वाटा मुख्य मसुदाकार एस. एन. मुखर्जी यांना दिला. गुंतागुंतीचा प्रस्ताव सोप्या आणि स्वच्छ कायद्याच्या भाषेत बसवण्याची मुखर्जींची हातोटी त्यांनी वाखाणली. एवढ्यावर ते थांबले नाहीत. मुखर्जींच्या हाताखालचे कर्मचारी कधी कधी मध्यरात्र उलटून जाईपर्यंत राबले, याचीही आठवण त्यांनी ठेवली.

मित्रांनो, हे नीट लक्षात घ्या. ज्या भाषणाला आपण लोकशाहीवरचा इशारा म्हणून डोक्यावर घेतो, त्याच भाषणात कारकुनांचे आणि टंकलेखकांचे आभार आहेत. जो मेसेज आपल्याला गुपित फोडल्याच्या थाटात पाठवला जातो, ते गुपित बाबासाहेबांनीच उघड्यावर सांगून ठेवले आहे. मग मेसेजवाल्यांनी नवे काय शोधले?

आता उरलेला अर्धा भाग, जो तो मेसेज सांगत नाही. राव यांच्या मसुद्यात २४३ कलमे होती. मसुदा समितीने सभेपुढे ठेवलेल्या मसुद्यात ३१५ कलमे आणि ८ परिशिष्टे होती. अंतिम संविधानात ३९५ कलमे आहेत. मधल्या काळात सुमारे ७,६३५ दुरुस्त्या सुचवल्या गेल्या, त्यापैकी २,४७३ प्रत्यक्ष सभागृहात मांडल्या गेल्या. प्रत्येक दुरुस्ती स्वीकारायची की नाकारायची, नाकारायची तर का, याचे उत्तर कोणीतरी उभे राहून द्यावे लागते. राव संविधान सभेचे सदस्य नव्हते. सल्लागाराला सभागृहात भाषणाचा हक्क नव्हता आणि मतही नव्हते. उत्तरे देत होते ते बाबासाहेब. ५ नोव्हेंबर १९४८ रोजी टी. टी. कृष्णम्माचारी यांनी सभेतच सांगितले की समितीतल्या एकाने राजीनामा दिला, एक वारला, एक अमेरिकेत, एक संस्थानाच्या कारभारात गुंतलेला, एक-दोघे दिल्लीपासून दूर. त्यामुळे सारा भार शेवटी डॉ. आंबेडकरांवर येऊन पडला. हे बाबासाहेबांच्या कोणा भक्ताने सांगितलेले नाही. सभागृहाच्या नोंदीत आहे.

म्हणजे अधिकारी मसुदा देतो, पर्याय मांडतो, परदेशातले दाखले आणून देतो. निर्णय आणि त्याची जबाबदारी लोकांना उत्तर देणाऱ्याची असते. संसदेतल्या प्रत्येक सरकारी विधेयकाचा मसुदा आजही विधी मंत्रालयातले अधिकारीच लिहितात. म्हणून कोणी तो कायदा त्या अधिकाऱ्याचा आहे असे म्हणत नाही. हा हिशोब फक्त बाबासाहेबांच्याच बाबतीत उलटा का लावला जातो, हे वेगळे सांगायला नको.

पण आम्हाला खरा विचार करायला लावला तो पुढच्या प्रश्नाने. हे सगळे आपल्याला आज कळते कशामुळे? कारण सभागृहात मधल्या टेबलाशी बसलेल्या लघुलेखकांनी शब्द टिपून घेतले. बोलणारा राजा असो की रंक, त्यांनी लिहायचे. त्यातून बारा खंड तयार झाले. दाक्षायणी वेलायुधन या संविधान सभेतल्या एकमेव दलित महिला. त्यांचे बोलणे आज आपण वाचू शकतो ते त्या नोंदीमुळे. जयपाल सिंग मुंडांनी आदिवासींच्या वतीने केलेला सवालही तिथेच आहे. आणि हे फक्त दिल्लीपुरते नाही. १९२८ चे महार वतनाचे विधेयक, १९३७ चे खोती नष्ट करण्याचे विधेयक यांवरची बाबासाहेबांची मुंबई विधिमंडळातली भाषणे आपण समग्र वाङ्मयाच्या दुसऱ्या खंडात वाचतो. ती कोणाच्या आठवणीवरून लिहिलेली नाहीत. विधिमंडळाच्या छापील कामकाजातून घेतलेली आहेत. तिथे नोंद ठेवणारा नसता तर आज आपल्या हातात ऐकीव गोष्टी उरल्या असत्या.

म्हणून नोंद पवित्र मानायची का? मुळीच नाही. नोंद ठेवण्यात सत्ता असते, आणि ज्याच्या हातात सत्ता तो काय ठेवायचे आणि काय गाळायचे हे ठरवू शकतो. बाबासाहेबांचेच उदाहरण घ्या. सप्टेंबर १९५१ मध्ये हिंदू कोड बिल आणि इतर कारणांवरून त्यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. ऑक्टोबरमध्ये ते सभागृहात निवेदन करायला उभे राहिले, तेव्हा आसनावरून त्यांना निवेदनाची प्रत आधी द्या आणि संध्याकाळी ठरल्या वेळी बोला असे सांगण्यात आले. ही सेन्सॉरशिप आहे म्हणून बाबासाहेब सभागृहाबाहेर पडले आणि निवेदन वर्तमानपत्रांना दिले. ज्याने देशाला संविधान दिले त्याचे राजीनाम्याचे निवेदन सभागृहात वाचले गेले नाही. ते टिकले ते वर्तमानपत्रांमुळे आणि पुढे ते जपणाऱ्या लोकांमुळे.

लोकसभेच्या नियम ३८० नुसार अध्यक्ष असंसदीय, बदनामीकारक किंवा सभागृहाच्या प्रतिष्ठेला न शोभणारे शब्द कामकाजातून काढून टाकू शकतात. छापील प्रतीत त्या जागी तारांकित खुणा येतात आणि खाली आसनाच्या आदेशाने वगळले अशी टीप. वगळलेला मजकूर छापला तर काय होते, हे बिहारच्या ‘सर्चलाइट’ वृत्तपत्राच्या प्रकरणात दिसले. १९५८ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने विधानमंडळाच्या विशेषाधिकाराची बाजू उचलून धरली. एकदा यादीत शब्द गेला की तो किती वर्षे चिकटून राहतो याचा नमुना महाराष्ट्राच्या ओळखीचा आहे. ‘गोडसे’ हा शब्द अनेक दशके असंसदीय शब्दांच्या यादीत होता. नाशिकचे खासदार हेमंत गोडसे यांनी आपले आडनावच असंसदीय ठरते अशी तक्रार केली, तेव्हा कुठे २०१५ साली हे आडनाव त्यातून मोकळे झाले. आदेश अध्यक्षांचा असतो, पण यादी तयार करणारे, दाखले शोधून देणारे, पूर्वी काय झाले हे आसनाच्या कानात सांगणारे सचिवालयच असते.

लेखणीची ही ताकद आपल्या समाजाला पुस्तकातून शिकावी लागली नाही. गावगाड्यात दप्तर कुलकर्ण्याचे होते. महाराने गावाची शीव पाठ ठेवायची, शिवेचा वाद निघाला की त्याची साक्ष लागायची, सरकारी सारा तालुक्याला पोचवायचा तोही त्यानेच. पण वहीत काय लिहिले हे त्याला वाचता येत नव्हते. महात्मा फुल्यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’ मध्ये सरकारी खात्यांतल्या भट कामगारांवर एवढा कोरडा ओढला तो याच कारणाने. राजर्षी शाहू महाराजांनी १९१८ मध्ये कुलकर्णी वतन खालसा करून पगारी तलाठी नेमले तेही याच कारणाने. त्यांना माहीत होते की गादीवर कोण बसतो याइतकेच वही कोण लिहितो हेही महत्त्वाचे.

आजही आपल्यातल्या पोराला जात पडताळणीसाठी १९५० पूर्वीचा पुरावा शोधत फिरावे लागते. आमच्यातल्या एकाला कोतवाल बुकाच्या एका नकलेसाठी तालुक्याच्या ठिकाणी आठ खेपा घालाव्या लागल्या. रेकॉर्ड सापडत नाही, हे वाक्य आपण कितीदा ऐकले असेल! शेवटी नवा कारकून आला, त्याने एका दुपारी कपाट उघडले आणि नोंद सापडली. कागद आधीही तिथेच होता. शोधणारा बदलला.

म्हणून बाबासाहेबांनी सांगितलेल्या माऱ्याच्या जागा या शब्दांचा अर्थ आम्ही थोडा रुंद करू इच्छितो. आपले तरुण माऱ्याची जागा म्हटले की जिल्हाधिकारी आणि पोलीस अधीक्षक एवढेच डोळ्यांसमोर आणतात. संसदेचे सचिवालय कोणाच्या गावीही नसते. संविधानाच्या कलम ९८ प्रमाणे लोकसभा आणि राज्यसभेला स्वतंत्र सचिवालय आहे. ते सरकारच्या कोणत्याही मंत्रालयाच्या ताब्यात नाही. लोकसभेच्या सचिवालयाचे भरतीचे वेगळे नियम १९५५ पासून आहेत. तिथे रिपोर्टर असतात, दुभाषे असतात, समित्यांचे काम पाहणारे अधिकारी असतात, ग्रंथालय आणि संशोधन विभाग असतो. अनुसूचित जाती व जमाती कल्याण समिती १९६८ पासून काम करते आहे. तिच्यात लोकसभेचे २० आणि राज्यसभेचे १० सदस्य असतात. बँका, सार्वजनिक उद्योग, मंत्रालये यांत आरक्षण पाळले जाते का, याची ती चौकशी करते. खासदार प्रश्न विचारतात. पण प्रश्नावली तयार करणे, आकडे मागवणे, उत्तरातली पळवाट ओळखणे, अहवालाचा मसुदा लिहिणे हे काम अधिकाऱ्यांचे. अनुशेष म्हणजे काय हे ज्याने घरात भोगले आहे त्याला सरकारी उत्तरातली पळवाट लवकर दिसते, असे आम्ही म्हटले तर त्यात चूक काय?

यावर दोन आक्षेप येतात. पहिला असा की, आपला माणूस खुर्चीत बसला की गप्प होतो. १९५६ मध्ये आग्र्याला बाबासाहेबांनी शिकलेल्यांबद्दल व्यक्त केलेली खंत आपल्याला ठाऊक आहे. आक्षेप खरा आहे. पण त्याचा उपाय खुर्ची सोडून देणे हा नाही. दुसरा आक्षेप विरोधकांचा, की तुम्हाला नोंदीतही जात घुसवायची आहे. आमचे उत्तर स्पष्ट आहे. आमच्या बाजूने नोंद वाकवणारा माणूस आम्हाला नको. सभागृहात जे बोलले गेले ते जसेच्या तसे लिहिणारा हवा. सरळ नोंदीत आमचे नुकसान कधीच झाले नाही. जे झाले ते वाकड्या नोंदीत.

आणि सगळेच सचिवालयात जाणार नाहीत. बाहेर राहूनही नोंद राखता येते. नानकचंद रत्तू दिल्लीत सरकारी नोकरी करून बाबासाहेबांची हस्तलिखिते टंकलिखित करत. वसंत मून महसूल खात्यातले अधिकारी, त्यांनी समग्र वाङ्मयाचे खंड उभे केले. १९७९ पासून निघालेले ते खंड नसते तर आपली अर्धी चळवळ आठवणींवर चालली असती. हे दोघे नेते नव्हते, कागद सांभाळणारे होते.

तेव्हा काम ठरवून घेऊया. तो मेसेज आला की शिवी नको, २५ नोव्हेंबर १९४९ चे भाषण पाठवा, पूर्ण पाठवा, राव आणि मुखर्जींच्या श्रेयासकट. आपल्या खासदाराने वर्षभरात आपल्या प्रश्नांवर काय विचारले ते लोकसभेच्या संकेतस्थळावर शोधून वस्तीत वाचून दाखवा. कल्याण समितीचे अहवाल उतरवून घ्या, सरकारने त्यांवर काय कार्यवाही केली तेही पाहा. संसदेच्या सचिवालयांत आपले प्रतिनिधित्व प्रत्येक पदावर किती आहे, हे २००५ च्या माहिती अधिकार कायद्याखाली त्या सचिवालयांनाच विचारा. आणि परीक्षेच्या तयारीला लागलेल्या भावाबहिणींनो, तहसीलदाराच्या जाहिरातीसोबत संसदीय रिपोर्टर, दुभाषी आणि समिती अधिकारी यांच्या जाहिरातीही वाचत जा. लघुलेखन शिकणे कमीपणाचे नाही. बाबासाहेबांचा शब्द आपल्यापर्यंत त्याच हातांनी पोचवला आहे.

जय भीम! जय संविधान!