सुपूर्दनामा

साकोलीच्या बाजारातून माझी स्कूटर चोरीला गेली तेव्हा मी खचलो नाही. ती सापडली तेव्हा खचलो. चोर धरला गेला दुसऱ्याच तालुक्यात, आणि तिथल्या ठाण्याच्या आवारात माझी स्कूटर ‘मुद्देमाल’ होऊन गवतात उभी! जप्त गाड्या अशा सडवू नका, फोटो काढा, बंधपत्र घ्या आणि देऊन टाका, असे सुप्रीम कोर्टाने २००२ सालीच बजावले आहे म्हणे.

वकीलसाहेब म्हणाले, “गुरुजी, सुपूर्दनाम्याचा अर्ज टाकू.”

बंधपत्राची रक्कम ऐकून आपली स्कूटर इतकी मौल्यवान आहे हे मला प्रथमच कळले. शिवाय अटी: विकायची नाही, रंग बदलायचा नाही, बोलावताच हजर करायची.

सौ.ने कागद वाचला. “अहो, मला देताना बाबांनी एवढं लिहून घेतलं नव्हतं!”