आंबीचे खाचर

चित्रपट काढणे हा माझा धंदा. पण माझ्या चित्रपटांत माणसे थोडी आणि जागा फार, त्यामुळे पैसाही थोडाच. गेल्या कार्तिकात मामांचा फोन आला, "यंदाचं शेवटचं पीक. सौदा झालाय. बघायचं असंल तर ये."

तळेगावला उतरून इंद्रायणीचा पूल ओलांडला की मावळातले आंबी लागते. एका अंगाला औद्योगिक वसाहतीतले कारखाने, दुसऱ्या अंगाला मामांचे खाचर. त्यात इंद्रायणी भात पिकून लवले होते. वडगावच्या संशोधन केंद्रातून १९८७ साली बाहेर पडलेला हा वाण. शिजताना घरभर वास सुटतो.

पहिल्या दिवशी मी नुसता धावलो. पुलावर, नदीत, कुंपणाशी! संध्याकाळी मामा म्हणाले, "आरं, एका जागी बस की जरा. भात काय पळून चाललंय व्हय?"

मी वरमलो. या बाबतीत आमचे मूळपुरुष दादासाहेब फाळके. त्यांचे मावळाशी जुने नाते. याच रुळांवर तळेगावापासून चौथे स्टेशन मळवली; तिथल्या रविवर्मा छापखान्यासाठी ते शिळाछापाचे काम करीत, लोणावळ्यात स्वतःचा छापखाना काढून. पुढे १९१२ साली विलायतेहून कॅमेरा आणल्यावर त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा रोवला आणि महिनाभराहून अधिक काळ त्या अंकुराचे थोडे थोडे चित्रण केले. पडद्यावर तो वेल जेमतेम मिनिटभरात वर चढला. 'अंकुराची वाढ' हे त्याचे नाव. ते पाहून भांडवल घालणारा वळला आणि १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' पडद्यावर आला. लोक हरिश्चंद्राचे नाव घेतात. माझा जीव त्या वाटाण्यावर. महिनाभर एका कुंडीपुढे बसायला काय धीर लागला असेल!

दुसऱ्या दिवशी पहाटे बांधावर तिकाटणे रोवले आणि मी हललो नाही. धुके नदीकडे ओसरले. बगळे उतरले. कारखान्याचा भोंगा झाला, पाळीची माणसे फाटकातून आत गेली. त्यांत मामांचा धाकटाही होता. ऊन वर आल्यावर भाताचा रंग तासातासाला पालटत गेला. हे मी लहानपणापासून पाहिले होते, असे मला वाटत होते.

तिसऱ्या दिवशी कापणी. विळे चालले, पेंढ्या पडल्या, दुपारपर्यंत खाचराचा मधला भाग उघडा झाला. मामा चालत येऊन तिथेच उभे राहिले. बराच वेळ. मग एकदम माझ्याकडे वळून म्हणाले, "मी मधी येतुया का रं?"

"नाही मामा," मी म्हटले, "तिथंच थांबा."